उजेडसूत आणि सोलापूरची लाइन

माझ्या सासूबाईंना गोष्टींचं वावडं आहे, असं मी लग्न झाल्यापासून धरून चालले होते. पेपर त्या पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचायच्या, निधनवार्तांसकट. दुपारी शब्दकोडं. टीव्हीवर मालिका लागली की मात्र, "या बायकांना स्वयंपाक नसतो का गं?" एवढं विचारून उठून जायच्या. आणि मी तर गोष्टी लिहून पोट भरणारी. आमचं भांडण कधी झालं नाही. भांडायला लागते तेवढी जवळीकच नव्हती. मी त्यांना 'आई' म्हणायचे, त्या मला 'अगं' म्हणायच्या, आणि हडपसरच्या आमच्या फ्लॅटमध्ये आम्ही दोघी शेजारणींसारख्या सभ्यपणे राहत होतो. नवरा दिवसभर कंपनीत, मुलगी शिकायला बाहेरगावी. दुपारी घरात आम्ही दोघीच.

मी एका ऑडिओ ॲपसाठी मालिका लिहिते. लोक त्या गाडी चालवताना, पोळ्या लाटताना, फिरायला गेल्यावर कानाला लावून ऐकतात. काही वर्षांपूर्वी तिथल्या निर्मातीचा फोन आला. वयाने माझ्या मुलीहून थोडी मोठी, पण कामात पक्की.

"मॅम, या वेळी पुराणातलं नको, भुतं नको, पेठेतला मर्डर तर नकोच. एक पूर्ण नवीन वर्ल्ड हवंय. फॅन्टसी. आणि त्यात एक अशी टेक्नॉलॉजी हवी जी आपल्याकडे नाही, पण ऐकणाऱ्याला वाटलं पाहिजे की अरे, ही असायला हवी होती."

मी बरेच दिवस डोकं खाजवलं आणि मग एक गाव सुचलं. ढगांच्या वर, डोंगरकड्यावर वसलेलं. तिथल्या गुहांमध्ये एक वेल उगवते, तिच्या सालीतून चमकणारा धागा निघतो. जिवाभावाच्या दोन माणसांनी आपापला धागा एकमेकांच्या धाग्यात पिळायचा, त्याची पट्टी विणायची आणि अर्धी-अर्धी मनगटाला बांधायची. दुसरा माणूस कितीही लांब असो, तो सुखात असेल तर तुमच्या पट्टीचा उजेड संथ राहतो. तो घाबरला तर उजेड थरथरतो. तो गेला तर पट्टी विझते. धाग्याला मी नाव दिलं तेजोतंतू. मला ते फार आवडलं होतं.

ऐकायची गोष्ट असल्यामुळे मी लिहिलेलं मोठ्याने वाचून बघते. त्या दिवसांत बेडरूमच्या खिडकीसमोर नवीन इमारतीचं काम चालू होतं, म्हणून मी हॉलमध्ये येऊन वाचत होते. सासूबाई डायनिंग टेबलापाशी कोडं सोडवत बसलेल्या. मान वर न करता म्हणाल्या, "तेजोतंतू? मेडिकलमध्ये मिळतात का?"

मी कागदावरून मान वर केली.

"नाही, विचारलं आपलं. त्या गावातले लोक रोज वापरतात ना ते? रोजच्या वस्तूला असं सोवळ्यातलं नाव कोण ठेवतं? सूत म्हण की. उजेडाचं सूत."

मला राग आला, आणि संध्याकाळपर्यंत मी सगळीकडे 'उजेडसूत' करून टाकलं.

दुसऱ्या दिवशी मी वाचायला बसले तेव्हा त्यांनी खुर्ची थोडी माझ्या बाजूला वळवली होती. "धुवायचं कसं ते?" म्हणाल्या. भांडी घासताना पट्टी काढायची की तशीच ठेवायची, हेही विचारलं. आणि मग असा एक प्रश्न आला की माझी गोष्ट तिथेच अडली. "एका बाईला चार मुलं, नवरा, आई, बहीण. मग काय, कोपरापर्यंत पट्ट्या बांधून फिरायचं तिने?"

"मग काय करू, आई?" हा प्रश्न मी त्यांना स्वयंपाकाशिवाय दुसऱ्या कशाबद्दल पहिल्यांदाच विचारत होते.

त्यांनी पेन खाली ठेवलं. "मध्ये कोणीतरी लागेल. सगळ्या घरांतली सुतं एका जागी आणायची. तिथे बायका बसवायच्या. ज्याला ज्याची खबर हवी, त्याची जोडणी त्यांनी करून द्यायची. प्रत्येकाच्या हाताला मग एकच पट्टी पुरते."

सासूबाईंनी नोकरीची सगळी वर्षं टेलिफोनच्या ट्रंक एक्स्चेंजमध्ये काढली होती. मला हे माहीत होतं, पण एखाद्याचा रक्तगट माहीत असावा तसं. आता त्या सांगू लागल्या. परगावी फोन करायचा तर आधी नोंदवावा लागायचा, मग ताटकळत बसायचं. आणि इकडे एका लांबलचक खोलीत ओळीने बायका बसलेल्या. समोर भोकांचा बोर्ड, भोकाभोकावर बारीक दिवे, टेबलावर पितळी पिना, आणि प्रत्येक पिनेला विणलेल्या कापडी वेष्टणाची लवचिक दोरी. दिवा लागला की दोरी ओढायची, पिन भोकात घालायची, दोन गावं जोडायची.

"बोलणं ऐकायचं नाही, असा नियम होता," त्या म्हणाल्या. "पण लाइन नीट लागली का, हे ऐकल्याशिवाय कळणार कसं? हॅलो ऐकलं की कान काढून घ्यायचा. कान काही लगेच निघत नाही."

माझ्या डोंगरगावात असं 'मागघर' आलं. तिथल्या बायका पाटावर ओळीने बसतात, गावभरचे उजळ धागे त्यांच्या हातांखालून जातात. कोण आनंदात आहे, कोण भ्यालंय, सगळं त्यांना आधी कळतं, आणि बोलायची बंदी. एखादीने जोडणीवर बोट दाबून धरलं तर पलीकडच्या माणसाच्या पट्टीपर्यंत बदल पोचत नाही, हे मी एका भागात सहज घालून ठेवलं. मालिका लोकांना आवडू लागली. निर्मातीचा फोन आला, "मॅम, मागघर जबरदस्त चाललंय. कुठून सुचलं?"

"घरातच होतं," मी म्हटलं.

दुपारी चार वाजले की आता सासूबाईच विचारायच्या, "आज वाचणार नाहीस?" चहा त्या करून आणायच्या. मला साखर किती लागते हे त्यांना माहीत आहे, हे मला तेव्हा कळलं.

मग तो भाग आला. माझी नायिका मागघरात काम करते. शेजारच्या पाटावर तिची मैत्रीण. मैत्रिणीचा नवरा वेल आणायला दूरच्या गुहेत गेलाय. एका दुपारी त्याचा धागा नायिकेच्या हाताखाली विझतो. मी लिहिलं होतं की नायिका किंचाळते, धागे सोडून उठते, मैत्रिणीला मिठी मारते. वाचताना माझाच आवाज जरा कापला. बरं जमलंय असं वाटलं.

"किंचाळेल कशी?" सासूबाई म्हणाल्या. "किंचाळत नाही कोणी."

मी त्या ओळीखाली खूण केली.

"तुझे सासरे गेले तेव्हा मी ड्यूटीवर होते."

सासऱ्यांना मी फक्त भिंतीवरच्या फोटोत पाहिलंय. ते हडपसरच्या एका कारखान्यात होते, मशीन बसवायला सोलापूरला गेले होते आणि तिथेच त्यांचं हृदय बंद पडलं, एवढं मला ठाऊक होतं. माझा नवरा तेव्हा शाळेत होता. त्यापुढचं घरात कोणी बोलत नसे.

"शेजारच्या बोर्डावर माझी मैत्रीण होती," त्या सांगू लागल्या. "सोलापूरचा दिवा तिच्याकडे लागला. कॉल होता आमच्या खालच्या मजल्यावरच्यांना, बिल्डिंगमध्ये फोन त्यांच्याकडेच. सोलापूरच्या ऑपरेटरने माझं आडनाव सांगितलं, बायको तुमच्याकडेच कामाला आहे ना, असं विचारलं. तिला कळलं. मी हाताच्या अंतरावर बसले होते. मला नाही कळलं."

"मग?"

"मग तिने डोक्यावरचा हेडफोन काढला आणि म्हणाली, चल, जेवून घेऊ. आम्ही जेवायच्या खोलीत गेलो. मी डबा उघडला. वाटाण्याची उसळ होती. तिला दिली, तिने घेतली नाही. मी पोटभर जेवले. काहीतरी हसण्यासारखंही बोलले असेन, मला तेव्हा फार बोलायची सवय होती. हात धुऊन आले, तेव्हा तिने सांगितलं."

समोरच्या इमारतीवर कोणीतरी लोखंड कापत होतं. तो आवाज थांबल्यावर मी विचारलं,

"राग नाही आला तुम्हाला?"

"आला की. माझा नवरा गेलाय हे हिला माहीत, आणि मी हिच्यासमोर उसळ चाटूनपुसून खातेय. तिच्यापुढे डबा उघडायची लाज वाटायची मला. बरीच वर्षं मी तिच्याशी कामापुरतंच बोलले. शेजारी बसून." त्यांनी चष्मा काढून पदराने पुसला. "मग कधीतरी उलटं वाटायला लागलं. ते जेवण नवरा असलेल्या बाईचं होतं. शेवटचं. तिने ते मला मिळू दिलं. तुझी ती पट्टी माझ्या हाताला असती तर मला तिथल्या तिथे, बोर्डासमोर कळलं असतं. मला नसती चालली तसली पट्टी."

मी इतके दिवस असं समजत होते की ज्याच्यावर जीव आहे त्याची खबर क्षणात मिळणं, याहून मोठं वरदान नाही. मुलगी बाहेरगावी गेल्यापासून तिला पाठवलेल्या मेसेजवर वाचल्याची निळी खूण उमटेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसे. सगळी मालिका त्याच काळजीतून आली होती, खरं तर. आणि समोर बसलेली बाई शांतपणे सांगत होती की न कळण्यातही काही मिळतं.

"हे मी गोष्टीत घेऊ?"

त्यांनी कोड्यातला एक शब्द भरला, मग म्हणाल्या, "घे. पण तिला रडताना दाखवू नकोस. आम्ही तिथे रडत नव्हतो. दुसरे दिवे लागलेले असायचे."

मी तो भाग पुन्हा लिहिला. नायिका विझलेल्या जोडणीवर बोट दाबून धरते. मैत्रिणीच्या मनगटावरची पट्टी संथ उजळत राहते. मैत्रीण भाकरीचं फडकं सोडते, खाते, हसते. ती पाणी पिऊन भांडं खाली ठेवते, तेव्हा नायिका बोट उचलते.

निर्मातीने वाचून लगेच फोन केला. "मॅम, रडले मी. पण यानंतर मैत्रीण एनिमी व्हायला हवी ना? हिने लपवलं! सीझन टू तिथेच सेट होतो."

मी सासूबाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, "होतेच की मी तिची शत्रू. तिला माहीत नव्हतं, एवढंच." तेव्हा तेही आलं, पण तलवारी-बिलवारी न घेता. मैत्रीण रोज त्याच पाटावर येऊन बसते आणि बोलत नाही. निर्मातीला ते थोडं फिकं वाटलं. तिने करू दिलं.

तो भाग ॲपवर आला त्या रविवारी सासूबाईंनी माझा फोन टेबलावर साखरेच्या डब्याला टेकवून ठेवला आणि संपूर्ण ऐकला. नवराही येऊन उभा राहिला; हा प्रसंग कुठून आला, हे मी त्याला सांगितलं होतं. संपल्यावर तो म्हणाला, "त्या दिवशी मला शाळेतून न्यायला त्या मावशीच आल्या होत्या. रिक्षात त्यांनी माझा हात एकदाही सोडला नाही, एवढंच आठवतं." सासूबाईंनी त्याच्याकडे पाहिलं. त्यांना हे माहीत नव्हतं, किंवा आठवत नव्हतं.

"आवाज बरा आहे त्या मुलीचा," त्या म्हणाल्या. मग जरा वेळाने मला, "वाघोलीला जायला किती वेळ लागतो गं?"

सासूबाईंची ती मैत्रीण मुलाकडे वाघोलीला राहत होती. रिटायर झाल्यावर दोघींच्या भेटी लग्नाकार्यातल्या, आणि त्याही आता थांबलेल्या. पुढच्या आठवड्यात मी गाडी काढली. खराडीच्या पुढे ट्रॅफिक मुंगीच्या पावलांनी चालला होता. एरवी त्यांनी ट्रॅफिकला दोन शब्द सुनावले असते, पण आज सासूबाई मांडीवर पेढ्यांचा बॉक्स धरून नव्या नव्या इमारतींकडे बघत होत्या.

दार मैत्रिणीनेच उघडलं. ठेंगणी, गाऊनवर ओढणी घेतलेली, कानाला मशीन. हॉलमध्ये बुद्धाची मूर्ती, समोर ताजी फुलं. "अगं बाई!" म्हणून त्यांनी सासूबाईंचे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ धरूनच ठेवले.

"ही माझी सून. गोष्टी लिहिते," सासूबाई म्हणाल्या. माझी अशी ओळख त्यांनी कोणाला करून दिलेली मी कधी ऐकली नव्हती. "तुझ्यावर लिहिलंय तिने. ऐक."

मी फोनचा आवाज मोठा करून तो भाग लावला. मावशी कानातलं मशीन चाचपत, पुढे वाकून ऐकत होत्या. मागघर आलं तेव्हा हसल्या, आमचंच ऑफिस म्हणाल्या. मग जेवणाचा प्रसंग सुरू झाला आणि त्यांचं हसू गेलं.

"ही मी?"

"तूच."

"अगं, पण असं झालंच नव्हतं."

सासूबाईंनी मला फोन बंद करायला खुणावलं.

"सोलापूरची लाइन खरखरत होती नुसती," मावशी म्हणाल्या. "आडनाव ऐकू आलं, सीरियस असं ऐकू आलं, तुमच्याकडेच कामाला ना म्हणाली, आणि तुटली. मी परत परत सोलापूर लावतेय, लागेना. तेवढ्यात आपल्याला जेवायला सोडायला रिलीव्हर आली. मी तुला काय सांगणार होते? काहीतरी खरखर ऐकली म्हणून? खोटं निघालं असतं तर? म्हणून गप्प राहिले. माझ्या घशाखाली घास उतरत नव्हता. तू हात धुवायला गेलीस तेव्हा सुपरवायझरबाई दारात आल्या आणि त्यांनी मला सांगितलं. मग मी तुला सांगितलं. त्याआधी मला काहीच नक्की ठाऊक नव्हतं गं. तू जेवावंस की नाही, हे ठरवणारी मी कोण?"

"मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?"

"तू विचारलंस? तू बोलणंच टाकलंस. मला वाटलं, ती बातमी माझ्या तोंडून ऐकली म्हणून तुला माझं तोंड नकोसं झालं. होतं तसं. आपण नाही का बघायचो, लोक बातमी सांगणाऱ्यावरच ओरडायचे. मी मनाला लावून नाही घेतलं." मग लगेच म्हणाल्या, "घेतलं थोडं."

मला खोलीतून उठून जावंसं वाटत होतं. मी हे सगळं लिहून, नटांच्या आवाजात भरून, हजारो कानांत सोडलं होतं, आणि ज्या दोघींचं होतं त्या आत्ता कुठे एकमेकींना विचारत होत्या की नेमकं झालं काय.

सासूबाई पेढ्यांच्या बॉक्सची दोरी बोटाला गुंडाळत होत्या, सोडवत होत्या. शेवटी म्हणाल्या, "म्हणजे मी आधी उगाच रागावले, आणि नंतर उगाच उपकार मानले."

"उपकार असू देत," मावशी म्हणाल्या. "ते परत नको घेऊस."

आधी मावशी हसल्या, मग सासूबाई. हसता हसता सासूबाईंच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि थांबेना. मावशींनी त्यांना जवळ घेतलं नाही. नुसत्या शेजारी सरकून बसल्या, खांद्याला खांदा लागेल अशा. मी चहा टाकायला आत गेले. परक्या घरातलं आलं शोधायला मला मुद्दामच वेळ लागला.

परत येताना मी विचारलं, "आई, ते आता बदलू का? पुढच्या भागात खरं काय झालं ते घालता येईल."

"कशाला? तुझी ती मागघरातली मुलगी वेगळी. तिची लाइन चांगली होती." त्यांनी गाडीची काच थोडी खाली केली. "आणि खरं म्हणशील तर, माझ्या मैत्रिणीने सांगितलं असतं ना त्या खरखरीवरून, तरी मला जेवण गेलं नसतं. मग काय फरक पडला? मला ते जेवण मिळालं. कोणी दिलं ते राहू दे."

दोन माणसांच्या मध्ये जे जातं ते किती थोडं पोचतं, आणि त्या थोडक्यावर आपण आयुष्यभराचे राग आणि माया कशी उभी करतो, याचा विचार करत मी गाडी चालवत होते. त्या दिवसानंतर मुलीच्या मेसेजची वाट बघणं मी सोडलं असं नाही. पण निळी खूण उशिरा आली तर ती कुठेतरी निवांत जेवत असेल, असं मनाशी म्हणून बघते. कधी पटतं, कधी नाही.

मालिका पुढे चालली, एक दिवस संपली. मावशींना सगळे भाग ऐकायचे होते, पण मोबाइलचा बारीक आवाज त्यांना पुरेना. म्हणून त्या आमच्याकडे राहायला आल्या असताना मी दोघींना बुधवार पेठेत घेऊन गेले, कानभर बसेल असा मोठा हेडफोन घ्यायला. गाडी लांब लावली आणि गर्दीतून चालत गेलो. दोघी एकमेकींचा दंड धरून पुढे, मी मागे.

दुकानदाराने चकचकीत एक काढून ठेवला. मावशींनी तो उलटासुलटा करून पाहिला. "याला वायर कुठाय?"

"आजी, ब्लूटूथ आहे. वायर नसते."

"मग लावायचा कशाला?"

"कशालाच नाही. आपोआप जोडला जातो."

"आपोआप!" मावशी सासूबाईंकडे वळून म्हणाल्या, आणि दोघींनी अशा नजरेने त्या माणसाकडे पाहिलं की तो बिचारा न बोलता फळीवरून वायरवाले काढायला वळला. चांगला अर्धा तास लागला. मावशींनी प्रत्येक हेडफोन डोक्यावर चढवून बघितला, सासूबाई समोर उभ्या राहून, "हॅलो, हॅलो, येतंय का?" म्हणत राहिल्या, आणि दुकानातली बाकीची गिऱ्हाइकं आपलं काम सोडून बघत राहिली. शेवटी एक पसंत पडला. बाहेर आल्यावर दोघींना उसाचा रस प्यायचा होता. त्यांना गुऱ्हाळात बसवून मी गाडी आणायला गेले.